वाळूत पेरलेले कान

ओमानहून सुट्टीवर आलो की ठरलेला प्रश्न यायचा, "तिकडे नक्की करता काय?" आमच्या रत्नागिरी जिल्ह्यातून आखातात गेलेला माणूस म्हणजे ड्रायव्हर, वेल्डर, नाहीतर हॉटेलात, अशी लोकांची समजूत, आणि ती बरीचशी खरीही आहे. मी सांगायचो, "वाळूत कान पेरतो." समोरचा हसायचा आणि गप्पा आंब्याच्या मोहोराकडे वळायच्या. मी मात्र थट्टा करत नव्हतो. माझा धंदाच तो होता.

जमिनीखाली तेल असेल का, हे शोधायच्या बऱ्याच रीती आहेत. आमची रीत ऐकण्याची. मुठीएवढं एक यंत्र असतं, त्याच्या पोटाला टोकदार खिळा. त्याला जिओफोन म्हणतात. असे हजारो जिओफोन वाळवंटात मैलोन् मैल ओळीने रोवायचे आणि केबलने जोडायचे. मग तीन-चार अवजड ट्रक एका रांगेत उभे राहतात, पोटाखालचा लोखंडी पाट जमिनीवर टेकवतात आणि जमीन हलवतात. ती थरथर खाली खोल जाते, खडकाच्या थरांवर आपटते आणि परत वर येते. वर आलेलं ते उत्तर जिओफोन टिपतात आणि रेकॉर्डिंगच्या ट्रकमध्ये पाठवतात. त्या ट्रकमध्ये पडद्यासमोर बसायचा तो मी.

पडद्यावर जिओफोनच्या प्रत्येक जुडग्याची एक रेघ. वाळवंट शांत असलं की सगळ्या रेघा पाटीवर पट्टीने ओढल्यासारख्या सरळ. कुणी त्या ओळीवरून चाललं, की त्या ठिकाणची रेघ थरथरणार. मग मी वायरलेसवर ओरडायचो, "लाइनीवर कोण चालतंय? जागेवर थांबा." कधी कामगार असायचा, कधी उंट. उंट वायरलेसला दाद देत नसे.

लहानपण माझं अलोऱ्याचं. वडील कोयना प्रकल्पावर होते, आम्ही वसाहतीत राहायचो. तिथे शांतता अशी कधी नव्हतीच. पाळीचा भोंगा, नदी, झाडांतले किडे, शेजारच्यांचा रेडिओ. कोकणातला माणूस आवाजात जन्मतो आणि आवाजातच मोठा होतो, पण हे त्याला ठाऊक नसतं. मला ते पहिल्यांदा कळलं रुब अल खालीच्या वाळवंटाच्या काठावर. रुब अल खाली म्हणजे रिकामा चौथा हिस्सा. अरबांनी नाव अगदी नेमकं ठेवलंय.

तिथे पोचल्यावर पहिल्याच आठवड्यात ट्रकचा जनरेटर बिघडला. मेकॅनिक येईपर्यंत करण्यासारखं काही नव्हतं, म्हणून मी उतरून एका टेकडीमागे जाऊन बसलो. वारा पडलेला होता. पान नाही, पक्षी नाही, पाणी नाही. थोड्या वेळाने मला एक बारीक शीळ ऐकू यायला लागली, आणि तिच्याखाली धप, धप असं काहीतरी. मला वाटलं, दूर कुठे पंप चालू आहे. उठून सगळीकडे बघितलं. मग हाताची नाडी बघावीशी वाटली. धप् आणि नाडी एकत्र पडत होती. मी माझंच रक्त ऐकत होतो. मान वळवली की शर्टाची कॉलर घासल्याचा आवाज वर्तमानपत्र चुरगाळल्यासारखा येत होता. मी तिथे एवढा वेळ बसलो की मेकॅनिक येऊन गाडी दुरुस्त करून निघूनही गेला.

माणसाच्या कानाला अशी शांतता सोसत नाही. बाहेरून काही येईना, की तो स्वतःच आवाज तयार करतो. एकदा दुपारी मी तंबूत पडलो होतो आणि मला अलोऱ्याचा भोंगा स्वच्छ ऐकू आला. पाळी सुटल्याचा. मी पायांत चपला घालून बाहेर आलो आणि उन्हात उभा राहिलो. बाहेर आमचा वाटाड्या सईद उंटाला पाणी पाजत होता. तो त्या भागातला बदू, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या टोळ्यांपैकी, मुलूख ओळखीचा म्हणून कंपनीने ठेवलेला. माझ्याकडे बघून त्याने विचारलं, "कुणी बोलावलं?"

"कुणी नाही. भास झाला."

"सगळ्यांना होतो," तो म्हणाला. "मला माझी आई बोलावते. मी उत्तर देतो. तिचा मान राखायला नको?"

तो हसला नाही, म्हणून मीही हसलो नाही.

दुसरी गोष्ट शिकलो ती उन्हाची आणि आवाजाची. भर दुपारी वाळू तव्यासारखी तापते, तिच्यालगतची हवाही तापते आणि तापलेल्या हवेत आवाज वर वळून निघून जातो. समोर हाकेच्या अंतरावर माणूस दिसतो, तोंडाशी हात धरून ओरडताना दिसतो, आणि ऐकू काही येत नाही. मूकपट बघितल्यासारखं वाटतं. पहाटे नेमकं उलट. जमीन गार, तिच्यालगतची हवा गार आणि वरची त्यामानाने ऊबदार. आवाज वर जाऊ शकत नाही, जमिनीला धरून दूरवर सरपटत येतो. सकाळी मी लाइनीच्या पार टोकाला असताना कॅम्पच्या स्वयंपाकघरात पातेल्याचं झाकण पडलेलं ऐकलंय. त्याच जागेवरून दुपारी कॅम्पचा जनरेटरसुद्धा ऐकू येत नसे.

आणि तिसरी गोष्ट दिशेची. वाळूची टेकडी आवाज पिऊन टाकते. टेकडीपलीकडे गाडी उभी असेल तर तिचा आवाज टेकडीतून सरळ येत नाही, बाजूच्या खिंडीतून वळून येतो. टेकडीअलीकडच्या खळग्यातल्या माणसाला वाटतं, गाडी खिंडीच्या दिशेला आहे. तो खिंडीकडे चालायला लागतो आणि दर पावलागणिक गाडीपासून लांब जातो. हे मी आज एका दमात सांगतोय. तेव्हा ते आम्हांला फार भारी पडून कळलं.

सलीमभाई दाभोळचे. वाशिष्ठीच्या मुखाशी त्यांचं घर, वडिलांचा मासेमारीचा धंदा. ते आमच्या पार्टीत, म्हणजे सर्वेक्षणाच्या तुकडीत, ड्रायव्हर होते, लाइनीवर बॅटऱ्या आणि केबल पोचवायचे. वयाने माझ्यापेक्षा थोडे मोठे, तरी मला भाऊ म्हणायचे. आमच्यातले मराठी बोलणारे आम्ही दोघेच, त्यामुळे जेवताना शेजारी बसणं ठरलेलं. ते दाभोळकडचं बोलायचे, मी वसाहतीतलं पुस्तकी, आणि आमच्या भाषेवर बाकीची पार्टी करमणूक करून घ्यायची.

वाळू गाते हे मी पहिल्यांदा त्यांच्याबरोबर ऐकलं. एका उंच टेकडीखाली आम्ही केबल उतरवत होतो. संध्याकाळचा वारा सुटला होता. एकाएकी गंभीर, सलग घरघर सुरू झाली. सलीमभाई हातातली केबल टाकून वळले आणि म्हणाले, "लाँच आली."

समुद्र तिथून कितीतरी दूर. पण खरंच, खाडीत शिरणाऱ्या लाँचच्या इंजिनासारखाच आवाज होता तो. आम्ही वर बघितलं. टेकडीच्या माथ्यावरून वाळूचा एक थर घसरत होता, हळूहळू, अंगावरची चादर सरकावी तसा, आणि आवाज त्या थरातून येत होता. पायांखालची जमीन हलत होती. छातीच्या फासळ्यांत घुमत होतं. वाळू थांबली तसा आवाजही विरत गेला.

मी धावत ट्रकमध्ये गेलो. जवळचे जिओफोन चालू होते. पडद्यावर इतकी सुरेख, एकसारखी लाट उमटली होती की शिक्षकांनी फळ्यावर काढून दाखवावी. आमचे करोडोंचे ट्रक अशी लाट काढायला घाम गाळतात, आणि इथे कोरड्या वाळूचे कण नुसते एकमेकांवरून घसरले होते. मी सलीमभाईंना बोलावून दाखवली. त्यांनी बराच वेळ बघितलं आणि टोपी काढून परत घातली.

"भाऊ, हे तेलापेक्षा मोठं हाय," ते म्हणाले. "पण कंपनीला सांगू नका. ती हेपण काढून नेईल."

पुढच्या हिवाळ्यात, दुपारच्या वेळी, वाळूचं वादळ आलं. सलीमभाई लाइनीच्या लांबच्या टोकाला बॅटऱ्या द्यायला गेले होते. वादळाची भिंत दिसली तेव्हा सगळ्या गाड्यांना परत बोलावलं. त्यांचं वायरलेसवर शेवटचं बोलणं मीच ऐकलं. "रुतलोय, काढतो आणि येतो." त्यानंतर नुसती खरखर.

वादळाचा जोर जरा ओसरल्यावर शोधायला गाड्या निघाल्या. पार्टीचे प्रमुख हानी साहेब, इजिप्तचे, शिस्तीचे आणि शांत स्वभावाचे. त्यांनी हुकूम दिला होता, दर थोड्या वेळाने हॉर्न वाजवा, म्हणजे त्याला दिशा कळेल. सूर्य मावळायच्या आत गाडी सापडली. दोन टेकड्यांमधल्या खळग्यात पोटावर बसलेली, एरियल मोडलेली. पाण्याचा एक कॅन जागेवर नव्हता, फावडं नव्हतं आणि सलीमभाई नव्हते. पावलांचे ठसे वाऱ्याने पुसलेले.

वाळवंटात पहिला नियम असतो, गाडी सोडायची नाही. सलीमभाईंना तो पाठ होता. मग त्यांनी गाडी का सोडली, हे कुणाला समजेना. सईदने सगळ्यांना गप्प बसवलं, टेकडीच्या माथ्यावर चढून कानाशी हात धरून ऐकलं आणि पश्चिमेकडे बोट केलं. गाड्या पश्चिमेला धावल्या. तिकडे काही नव्हतं. सईद खाली आला तेव्हा त्याचा चेहरा उतरलेला होता. "वाऱ्याने मला फसवलं," एवढंच तो म्हणाला.

अंधार पडल्यावर नाइलाजाने शोध थांबला आणि पहाट फुटताच परत सुरू झाला. तोवर वारा पडत आला होता. थंडी बोचत होती. मी रेकॉर्डिंगच्या ट्रकमध्ये बसून लाइन सुरू करून बघितली. बऱ्याच ठिकाणी केबल वाळूखाली गाडली गेली होती, पण निम्म्याहून अधिक जिओफोन जिवंत होते. पडदा मात्र नुसता गिजबिजाट. पाच-सहा गाड्या सगळीकडे फिरत होत्या, त्यांची धडधड प्रत्येक रेघेवर.

तेव्हा माझ्या मनात आलं, की आपण माणूस शोधतोय डोळ्यांनी आणि हॉर्नने, आणि इथे मैलोन् मैल कान पेरून ठेवलेत त्यांना आपणच बहिरे केलंय.

मी हानी साहेबांकडे गेलो. ते नकाशावर वाकले होते.

"साहेब, सगळ्या गाड्या बंद करा. इंजिनं, जनरेटर, सगळं. कुणी पाऊलही टाकायचं नाही."

"शोध थांबवू?" त्यांनी मान वर केली. "ऊन चढायच्या आत तो सापडायला हवा. एक कॅन पाणी आहे त्याच्याकडे. आणि तू म्हणतोस गाड्या थांबव."

"तो लाइनीच्या जवळपास असेल आणि चालत असेल, तर मला दिसेल."

"आणि नसेल तर? बेशुद्ध पडला असेल तर?"

"तर नाही दिसणार," मी म्हणालो. मग त्यांनी वायरलेस उचलला आणि सगळ्यांना थांबायला सांगितलं.

एकेक इंजिन बंद झालं. कॅम्पचा जनरेटर बंद झाला. मी पडद्यावर बघत होतो. समुद्राला ओहोटी लागावी तसा तो गिजबिजाट ओसरत गेला. रेघा सरळ होत गेल्या. माझा ट्रक बॅटरीवर चालला होता. शेवटी सगळा पडदा सरळ रेघांनी भरला, आणि मला जन्मात कधी नव्हती एवढी भीती वाटली. सरळ रेघ म्हणजे तिथे कुणी नाही.

हानी साहेब माझ्या मागे उभे होते. ते श्वाससुद्धा जपून घेत होते. आम्ही तसेच थांबलो. किती वेळ, मला आजही सांगता येणार नाही. पडद्याच्या डाव्या कडेला, जिथे कुणी शोधायलाही गेलं नव्हतं, तिथल्या दोन रेघांवर एक बारीक गाठ उमटली. मग दुसरी. मग तिसरी. मग काही नाही.

"उंट असेल," हानी साहेब कुजबुजले.

परत तीन गाठी. मग थांबा. परत तीन.

"उंट मोजत नाही, साहेब," मी म्हणालो आणि गाडीकडे धावलो.

लाइनीच्या टोकाशी, आदल्या संध्याकाळी गाड्या धावल्या होत्या त्याच्या अगदी उलट बाजूला, दोन टेकड्यांच्या मधे टणक जमिनीचा एक पट्टा होता. सईद आणि मी पहिल्या गाडीत होतो. सलीमभाई गुडघ्यावर बसले होते आणि फावड्याच्या पाठीने जमीन ठोकत होते. आमची गाडी पाठीमागे येऊन उभी राहिली तरी ते ठोकत होते. सईदने हळूच त्यांच्या हातातलं फावडं काढून घेतलं. ओठ फुटले होते, डोळे वाळूने लाल झाले होते. पाण्याचे दोन घोट घेतल्यावर त्यांनी माझ्याकडे बघितलं.

"आयकलंत ना," ते म्हणाले. त्यांनी विचारलं नाही, नुसतं म्हटलं.

नंतर कॅम्पात कळलं ते असं. रुतलेली गाडी काढत असताना त्यांना आमचा हॉर्न ऐकू आला. अगदी जवळून, खिंडीपलीकडून आल्यासारखा. पंचवीस-तीस पावलांवर माणसं असताना गाडीत कशाला बसायचं, म्हणून ते फावडं आणि कॅन घेऊन तिकडे गेले. तिथे कुणी नव्हतं. परत हॉर्न वाजला, दुसऱ्या बाजूने. मग तिकडे. आमच्या हॉर्ननेच त्यांना लांब लांब नेलं होतं. मागे वळले तेव्हा ठसे नव्हते. पहाटे कुठे टणक जमीन लागली आणि वाळूतून डोकावणारा आमच्या केबलचा तुकडा दिसला, तेव्हा त्यांना माझं वायरलेसवरचं ओरडणं आठवलं. "लाइनीवर कुणी पाय टाकला की तुम्ही लगेच बोंबलता," ते मला म्हणाले. "म्हटलं, आज मुद्दाम बोंबलायला लावतो."

त्यानंतर आमच्या पार्टीत हॉर्नचा नियम बदलला. हरवलेल्या माणसासाठी हॉर्न वाजवायचा तो एकाच ठरलेल्या गाडीतून, टेकडीच्या माथ्यावरून, आणि मध्ये लांब थांबा घ्यायचा. एवढी एक गोष्ट त्या प्रसंगातून हाती लागली. तेल लागलं की नाही, ते आम्हांला कुणी कधी कळवलं नाही. आम्ही गोळा केलेलं सगळं ऐकणं कुठल्यातरी लांबच्या शहरात जायचं. याची थोडी चुटपुट अजून आहे. एवढा जन्म जमिनीला कान लावण्यात घालवला आणि ती शेवटी काय म्हणाली ते दुसऱ्यालाच ठाऊक.

आता निवृत्त होऊन रत्नागिरीत राहतो. सुरुवातीला बायको, शुभांगी, सारखी म्हणायची, "पुटपुटता काय, मोठ्याने बोला की." वाळवंटात हळू बोलायची सवय लागली होती, तिथे तेवढं पुरायचं. इथे पंखा, मिक्सर, रस्ता, समुद्र, सगळ्यांच्या वरून बोलावं लागतं. शिवाय जनरेटर आणि ट्रकांच्या संगतीत कानही गेलेत थोडे. डावीकडे कायम शीळ असते. कानाचे डॉक्टर म्हणाले, ही जाणार नाही, सवय करून घ्या. मी म्हटलं, जुनी ओळख आहे.

गेल्या मे महिन्यात शुभांगीला घेऊन दाभोळला गेलो. सलीमभाई आता थकलेत, पण रोज सकाळी जेटीवर जाऊन बसतात. आम्ही तिघं तिथे बसलो. बोटी लागत होत्या, बायका मासळीचा भाव करत होत्या, इंजिनं, हाका, कावळे. शुभांगीने ती गोष्ट माझ्याकडून कितीतरी वेळा ऐकलेली. तिने सलीमभाईंना विचारलं, "भावजी, तिथे बसून तुम्हांला काय ऐकू येत होतं हो?"

सलीमभाईंनी माझ्याकडे बघितलं. हे मीसुद्धा त्यांना कधी विचारलं नव्हतं.

"गाड्या आयकायला येत व्हत्या," ते म्हणाले. "पहाटेची वेळ, थंडी, लांबलांबच्यापण नीट आयकायला येत व्हत्या. सगळ्या बाजूंनी. कुठं हायत ते कळत नव्हतं, पण हायत एवढं कळत व्हतं. म्हणून मी ठोकत व्हतो."

त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली.

"मग एकदम एकेक बंद झाली. शेवटचीपण बंद झाली. वहिनी, तेवढं शांत मी काय कधी आयकलं नाय. मला वाटलं, गेले सगळे. मला सोडून दिलं."

एवढी वर्षं मी ती शांतता माझी म्हणून सांगत आलो होतो. पडदा सरळ झाला, गाठ उमटली, माणूस सापडला. त्याच शांततेत तो माणूस पलीकडे काय ऐकत होता, हे माझ्या मनातही आलं नव्हतं.

शुभांगीने हळूच विचारलं, "मग तुम्ही ठोकत कसे राहिलात?"

सलीमभाई खाडीकडे बघत होते. एक होडी काठाला लागत होती.

"फावडं खाली ठेवलंच व्हतं," ते म्हणाले. "मग वाटलं, आता एवढं शांत झालंय, तर आताच ठोकायला पायजे."